वाचक विचारतात : जुन्या पटकथालेखकाचा माग कसा काढायचा?

सातारा-सांगली भागातून मराठी चित्रपटांसाठी लिहिणाऱ्या, पण आता नावानिशी कुणाला न आठवणाऱ्या लेखकांची माहिती जमवण्याचं आवाहन गेल्या अंकात केलं होतं. माहितीपेक्षा प्रश्नच जास्त आले. त्यांतले सहा निवडून उत्तरं दिली आहेत. प्रश्न थोडे आटोपते केले आहेत. नावं वगळून फक्त गावं ठेवली आहेत.

आजोबांनी 1950 ते 1970 या काळात कोल्हापूर-पुण्याच्या चित्रपटांसाठी लेखन केलं. घरात बारा-तेरा चित्रपटांची नावं सांगतात. इंटरनेटवर तीन सापडले, त्यांतल्या दोनांत सुरुवातीची नावंच नाहीत. यादी पक्की कशी करायची? (कराड)

आधी ‘लेखन केलं’ हा शब्द बाजूला ठेवा. मराठी आणि हिंदी चित्रपटांत कथा, पटकथा आणि संवाद ही तीन वेगळी श्रेयं असतात, गीतांचं चौथं. घरच्यांच्या आठवणीत ही चारही एकत्र मिसळून जातात. एका वहीत प्रत्येक चित्रपटाला एक पान द्या आणि पानावर हे चार रकाने पाडा. ज्या रकान्याला कागदाचा आधार मिळेल तोच शाईने भरा, बाकीचे पेन्सिलीने. घरी ऐकलेलं सगळं पेन्सिलीत. हा नियम पहिल्या दिवसापासून पाळा, कारण सहा महिन्यांनी ऐकलेलं कुठलं आणि वाचलेलं कुठलं, हे तुमचं तुम्हालाच सांगता येणार नाही.

श्रेय वेगळं का लिहायचं, याचं एक उदाहरण. 1959 चा ‘सांगत्ये ऐका’ घ्या. दिग्दर्शन अनंत मानेंचं. पटकथा व्यंकटेश माडगूळकरांची, गीतं त्यांचे थोरले बंधू ग. दि. माडगूळकर यांची. एकाच नामावलीत दोन माडगूळकर, दोघेही आटपाडी भागातले. जाहिरातीत नुसतं ‘माडगूळकर’ छापलेलं दिसलं तर ते श्रेय कुणाच्या पानावर टाकणार? ग. दि. माडगूळकर गीतकार म्हणून घरोघरी माहीत आहेत, पण ‘दो आँखें बारह हाथ’ (1957) आणि ‘नवरंग’ (1959) या हिंदी चित्रपटांचं लेखनही त्यांचं, हे किती जणांना ठाऊक असतं? हिंदी नामावलीत ‘ग. दि.’ चं ‘जी. डी.’ होतं आणि इंग्रजी सूचीत आडनावाचं स्पेलिंग दोन-तीन तऱ्हांनी येतं. तुमच्या आजोबांचं नाव आद्याक्षरांसह, आद्याक्षरांविना, गावाच्या नावासह आणि टोपणनावाने, अशा सगळ्या रूपांत शोधा.

आता नामावली नसलेल्या दोन चित्रपटांचं. यात संशयास्पद काही नाही. प्रोजेक्टरवर फिल्म चढवताना पहिल्या रिळाची सुरुवात दर खेळाला हाताळली जाते, त्यामुळे ती आधी झिजते, फाटते आणि कापली जाते. नामावली नेमकी तिथेच असते. शिवाय व्हिडिओ कॅसेटच्या काळात काही कंपन्यांनी मूळ नावं काढून आपली पाटी लावली. तेव्हा हातातली प्रत पूर्ण आहे का, हे आधी तपासा. सेन्सॉर प्रमाणपत्रावर रिळांची संख्या आणि लांबी असते. 35 मिलिमीटरची फिल्म मिनिटाला 90 फूट धावते, म्हणजे हजार फुटांचं रीळ साधारण 11 मिनिटांचं. प्रमाणपत्रावर 12,600 फूट असतील तर चित्रपट 140 मिनिटांचा. तुमची प्रत 112 मिनिटांची भरली तर अडीच हजार फूट कुठेतरी गेलेत. त्या प्रतीवरून ‘आजोबांचं नाव नव्हतं’ असा निष्कर्ष काढू नका. लांबी मीटरमध्ये दिली असेल तर मिनिटाला 27.4 मीटर धरा.

प्रत पुरी नसेल तेव्हा गाण्यांची पुस्तिका पाहा. थिएटरात आण्या-दोन आण्यांना मिळणाऱ्या या चोपड्यांत गाण्यांबरोबर कथासार आणि कलाकार-तंत्रज्ञांची नावं छापलेली असत. पुस्तिका प्रदर्शनाच्या वेळची असल्याने तिच्यात नंतर कुणी फेरफार केलेला नसतो. मात्र चित्रपटाचं काम संपण्याआधीच ती छापायला जाई, त्यामुळे शेवटच्या क्षणी बदललेला संवादलेखक तिच्यात चुकीचा असू शकतो. पडदा आणि पुस्तिका यांत फरक दिसला तर दोन्ही लिहून ठेवा, एकावर काट मारू नका.

पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय लॉ कॉलेज रोडवर आहे. 1964 साली ते स्थापन झालं आणि 2022 मध्ये ते राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झालं. तिथे फिल्म तर आहेतच, पण तुमच्या कामाला पुस्तिका, जाहिरातपत्रकं, स्थिरचित्रं आणि संहिता यांचा संग्रह जास्त उपयोगी पडेल. थेट जाऊन ‘आजोबांचं काय आहे?’ विचारलंत तर हाती काही लागणार नाही, कारण सूची चित्रपटाच्या नावाने लावलेली असते, लेखकाच्या नाही. आधी लेखी कळवा : चित्रपटाचं नाव, भाषा, साल, दिग्दर्शक, निर्मितीसंस्था. पाच-सहा चित्रपटांची यादी एका वेळी पुरे. कराडहून गाडी काढायची ती उत्तर आल्यावरच.

आणखी एक. 1948 पूर्वीचा चित्रपट यादीत असेल तर कोल्हापूरकडून कागदाची फार आशा धरू नका. गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीत भालजी पेंढारकरांचा जयप्रभा स्टुडिओ पेटवला गेला. त्यातच 1950 च्या आसपासपर्यंत फिल्म नायट्रेटची असे. ती झटकन पेट घेते आणि न पेटताही आपोआप कुजते. 2003 साली पुण्यातल्या साठ्याला लागलेल्या आगीत जुन्या नायट्रेट फिल्म गेल्या. अशा चित्रपटांसाठी वर्तमानपत्रांच्या फायली चाळा : ‘सकाळ’, ‘पुढारी’, साताऱ्यासाठी ‘ऐक्य’. प्रदर्शनाच्या आठवड्यातले शुक्रवार-शनिवारचे अंक आणि नंतरच्या रविवारचं परीक्षण. परीक्षणकर्ते संवादांवर टीका करताना लेखकाचं नाव हटकून घेत. स्तुती करताना ते नट-नटीचं घेत.

वडिलांच्या पटकथांच्या चार वह्या आणि टंकलिखित प्रती पुराच्या पाण्यात होत्या. काही वाळल्या, काहींची विटेसारखी चवड झाली आहे. उघडायच्या कशा? पुढच्या पुरात काय करायचं? (सांगली)

कोरड्या चवडीला घाई नाही आणि जोर तर अजिबात नाही. चाकू, पट्टी, वाफेची किटली, इस्त्री यांतलं काही लावू नका. कृष्णेचा गाळ बारीक असतो. तो पानांत शिरून वाळला की पान सुटताना अक्षरांचा थर घेऊन निघतो. जी पानं आपणहून सुटतात तेवढीच सोडवा, वरून मऊ ब्रशने धूळ उडवा. उरलेली चवड जशी आहे तशी जुन्या धुतलेल्या सुती कापडात गुंडाळून कागद-संवर्धकाकडे न्या. बुरशी दिसत असेल तर हे काम अंगणात, मास्क लावून, घरच्या लहान मुलांपासून लांब करा.

पुढच्या वेळेसाठी आकडा लक्षात ठेवा : 48 तास. त्यानंतर बुरशी धरते. तेवढ्यात सगळी पानं वाळवणं शक्य नसेल (चार वह्या म्हणजे शक्य नाहीच) तर ओल्या वह्या गोठवा. बंद वही बाहेरून साध्या पाण्याने हलक्या हाताने धुवायची, मग बटर पेपरमध्ये आणि त्यावर प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून फ्रीजरमध्ये ठेवायची. गोठलेल्या कागदावर बुरशी वाढत नाही. शेजाऱ्याचा, दूधवाल्याचा, आइस्क्रीमच्या दुकानाचा, जो फ्रीजर चालू असेल तो. नंतर एकेक वही बाहेर काढून वाळवायची. दर दहा पानांनंतर कोरा टिपकागद किंवा किचन रोलचा तुकडा घालायचा आणि दर दोन-तीन तासांनी बदलायचा. छापील वर्तमानपत्र घालू नका, त्याची शाई उतरते. पंखा खोलीत फिरता ठेवा, पण झोत वहीवर नको. ऊन अजिबात नको : कागद वाकतो आणि शाई उडते.

धुण्याआधी शाई बघा. धुतली जाणारी निळी शाई पाण्यात लगेच पसरते, तिला पाणी लावायचंच नाही. निळी-काळी शाई बरीच तग धरते. टंकलिखिताच्या खालच्या कार्बन प्रती पाण्याला सगळ्यांत कमी घाबरतात, कारण कार्बन विरघळत नाही. पण बोटाने मात्र लगेच पुसल्या जातात. म्हणून वरची प्रत खराब झाली तरी कार्बन प्रत टाकून देऊ नका. तिच्यावर मजकूर बहुधा शाबूत असतो.

गंजलेल्या टाचण्या ओढून काढायच्या नाहीत. टाचणीखाली जाड कागदाची पट्टी सरकवून पाय सरळ करा आणि मग उचला. सेलोटेप लावू नका, लॅमिनेशन तर नकोच. ते एकदा झालं की उलटं फिरवता येत नाही, आणि उष्णतेत कागद व प्लॅस्टिक एकजीव होतात. छायाचित्र खिडकीजवळच्या उजेडात, फ्लॅश बंद करून घ्या. स्कॅनर असेल तर साध्या पानाला 300 डीपीआय, कार्बन प्रतीला 600, आणि दोन्ही रंगीत. काळ्या-पांढऱ्यात केलेल्या स्कॅनमध्ये दिग्दर्शकाची लाल पेन्सिल आणि लेखकाची निळी शाई सारखीच दिसते. पानाच्या दोन्ही बाजू घ्या, मागच्या बाजूला हिशेब असतात आणि कधीकधी तेच सर्वांत उपयोगी ठरतात.

करारपत्रं, पावत्या, पत्रं आहेत, पण बहुतेकांवर साल नाही. अंदाज कसा बांधायचा? (विटा)

तुमच्या जिल्ह्यातले कागद या बाबतीत नशीबवान. पत्त्यात ‘दक्षिण सातारा’ असेल तर तो कागद 1949 ते 1960 मधला. 1949 मध्ये सातारा जिल्ह्याचे उत्तर आणि दक्षिण असे दोन भाग झाले, आणि 1960 मध्ये दक्षिण साताऱ्याचं नाव सांगली झालं. ‘औंध संस्थान’ असेल तर 1948 पूर्वीचा. ‘मुंबई राज्य’ असेल तर 1 मे 1960 आधीचा. पिनकोड दिसला तर 15 ऑगस्ट 1972 नंतरचा. मात्र जिल्ह्याचं नाव बदललं म्हणून लोक लगेच बदलत नाहीत. पत्र लिहिणारा म्हातारा असेल तर ‘दक्षिण सातारा’ आणखी दोन-चार वर्षं चालतं. पिनकोड उलट बाजूने फसवतो : तो नसला म्हणून कागद 1972 आधीचा ठरत नाही.

पैशांवरूनही कळतं. रकमेत आणे-पै असतील तर तो हिशेब बहुधा 1 एप्रिल 1957 आधीचा. त्या दिवशी दशमान नाणी आली आणि रुपयाचे शंभर ‘नवे पैसे’ झाले. ‘नवे पैसे’ हा शब्द 1957 ते 1964 मधला, नंतर ‘नवे’ गळलं. पावतीवरच्या रेव्हेन्यू स्टॅम्पची किंमत भिंगाने वाचा. आंतर्देशीय पत्र 1950 च्या ऑक्टोबरात सुरू झालं. शिक्का पुसट असेल तर पत्र उजेडाकडे तिरपं धरा, शाई गेली तरी ठशाचा दाब उरतो.

अशा दोन-तीन खुणा एका कागदावर जुळल्या तर काळ दोन-तीन वर्षांच्या आत येतो. तेवढं पुरतं. साल पेन्सिलीने, कंसात, प्रश्नचिन्हासह लिहा. चौथ्या पिढीने ते शाईत गिरवू नये एवढीच काळजी घ्या.

काकांनी दूरदर्शनसाठी नाटिका लिहिल्या, 1968 च्या सुमारास. त्यांचं चित्रीकरण मिळेल का? (वाई)

1968 नक्की नाही. दिल्लीत दूरदर्शन 1959 ला सुरू झालं असलं तरी मुंबई केंद्र सुरू झालं 2 ऑक्टोबर 1972 ला, पुण्यात प्रक्षेपण त्यानंतरच्या वर्षी. मराठी टीव्हीलेखन त्याआधी असूच शकत नाही. 1968 ची आठवण खरी असेल तर ती आकाशवाणीची असावी : पुणे केंद्र 1953 पासून, सांगली केंद्र 1963 पासून. नभोनाट्य आणि टीव्ही-नाटिका घरच्यांच्या बोलण्यात सहज एक होतात. यात आणखी एक गोंधळ आहे. 1 एप्रिल 1976 पर्यंत दूरदर्शन आकाशवाणीचाच भाग होतं, त्यामुळे तोवरच्या टीव्हीच्या करारपत्रावरही आकाशवाणीचं नाव असू शकतं. करारातला कार्यक्रमाचा प्रकार आणि मिनिटं बघा, शीर्षकपट्टी नव्हे.

संहिता हातात असेल तर ओळखणं सोपं. नभोनाट्यात पात्रांच्या बोलण्याबरोबर फक्त ध्वनीच्या सूचना असतात : दार वाजतं, टांगा थांबतो, संगीत विरतं. टीव्हीच्या संहितेत पान उभं दुभागलेलं असतं, डावीकडे चित्र, उजवीकडे ध्वनी. डावा रकाना रिकामा असेल तर तो निर्मात्याने भरायचा होता आणि ही लेखकाची घरची प्रत आहे. दिग्दर्शकाच्या प्रतीत तो कॅमेऱ्यांच्या आकड्यांनी भरलेला असतो.

चित्रीकरणाची आशा माफक ठेवा. त्या काळच्या व्हिडिओ टेप महाग होत्या आणि पुन्हा वापरल्या जात. एका कार्यक्रमावर दुसरा चढे. 1982 पूर्वीचं काम काळं-पांढरं, म्हणून ते जपावं असं कुणाला वाटलं नाही. म्हणून टीव्हीलेखकाच्या बाबतीत करार, मानधनाची पावती आणि वर्तमानपत्रातला त्या दिवसाचा कार्यक्रम-रकाना हाच पुरावा. तिन्ही एका तारखेचे मिळाले तर उत्तम.

घरी व्हीएचएस कॅसेट असेल आणि खिडकीतून टेपच्या कडेवर पांढुरकी बुरशी दिसत असेल तर ‘एकदा लावून बघू’ म्हणू नका. बुरशी यंत्राच्या हेडवर बसते आणि पुढची चांगली कॅसेटही खराब करते.

आणि श्रेयाची तारीख म्हणजे लेखनाची तारीख नव्हे. ‘चिमणराव’ टीव्हीवर गाजले ते 1970 च्या दशकाच्या अखेरीस. चिं. वि. जोशी 1963 मध्येच वारले होते. कथा त्यांची, टीव्हीसाठीचं रूपांतर दुसऱ्याचं. काकांच्या यादीत ‘कथेवरून’ असं असेल तर मूळ कथा कोणत्या मासिकात आली ते शोधा. आपल्या भागातल्या लेखकांसाठी पहिली जागा ‘किर्लोस्कर’, ‘स्त्री’ आणि ‘मनोहर’ यांचे जुने अंक. ही मासिकं अनेक वर्षं किर्लोस्करवाडीहून निघत.

अण्णा भाऊ साठे यांच्या कादंबऱ्यांवर चित्रपट निघाले म्हणतात, पण त्या नावांचे चित्रपट सापडत नाहीत. (शिराळा)

सापडणार नाहीत, कारण निर्मात्यांनी नावं बदलली. वाटेगावचे अण्णा भाऊ कादंबरीकार आणि शाहीर म्हणून सर्वांना माहीत, चित्रपटांशी त्यांचं नातं मात्र अडगळीत पडलं आहे, आणि त्याचं मोठं कारण हेच. ‘आवडी’चा चित्रपट झाला ‘टिळा लावते मी रक्ताचा’. ‘माकडीचा माळ’चा ‘डोंगरची मैना’. ‘चिखलातील कमळ’चा ‘मुरली मल्हारीरायाची’. हे तिन्ही 1969 चे, म्हणजे अण्णा भाऊ गेले त्याच वर्षीचे. ‘अलगुज’वरचा 1974 चा चित्रपट तर ‘अशी ही साताऱ्याची तऱ्हा’ नावाने आला. पुस्तक वाचलेल्याला ओळखू येऊ नये असंच नाव! ‘वैजयंता’ (1961), ‘फकिरा’ (1963) आणि ‘वारणेचा वाघ’ (1970) यांची नावं तेवढी तीच राहिली.

यातून शोधण्याची पद्धत निघते. कोणत्याही ग्रामीण लेखकाच्या पुस्तकाचं नाव चित्रपटांच्या सूचीत थेट शोधू नका. पात्रांची नावं आणि गावाची जागा यांवरून गाण्यांच्या पुस्तिकांतली कथासारं वाचा. तमाशाप्रधान चित्रपटांच्या लाटेत ‘मैना’, ‘रंग’, ‘तऱ्हा’, ‘मल्हारी’ अशा शब्दांवर गल्ला जमत असे, म्हणून गंभीर कादंबरीलाही असं नाव मिळे. आणि कादंबरीवरून चित्रपट निघाला म्हणून पटकथा त्याच लेखकाची असते असं नाही. इथेही कराडच्या वाचकांना सांगितलेले चार रकाने पाडा.

आजोबांच्या अप्रकाशित पटकथा पुस्तकरूपाने छापता येतील का? हक्क कुणाचा? (सातारा)

वही तुमच्या घरी आहे म्हणून हक्क तुमचा होत नाही. कागदाची मालकी वेगळी आणि लेखनाचा हक्क वेगळा. 1957 च्या कायद्याप्रमाणे लेखन पहिल्यांदा लेखकाच्या मालकीचं, त्याच्या मृत्यूनंतर वारसांचं, आणि मृत्यूच्या पुढच्या वर्षारंभापासून 60 वर्षं. 1969 मध्ये वारलेल्या लेखकाचा हक्क 2029 संपेपर्यंत. मृत्यूनंतर पहिल्यांदा छापलेल्या लेखनाची 60 वर्षं प्रकाशनापासून मोजतात.

मेख दोन ठिकाणी असते. आजोबा एखाद्या संस्थेत पगारावर लेखक असतील तर, उलट करार नसल्यास, लेखनाचा पहिला मालक ती संस्था. मासिक मानधन आणि प्रत्येक चित्रपटागणिक बिदागी यांतला फरक पावत्यांवर दिसतो, म्हणून विट्याच्या वाचकांना सांगितलेल्या पावत्या इथे कामाला येतात. दुसरं, करारात ‘सर्व हक्क निर्मात्याकडे’ असं असेल तर ते वाक्य जसंच्या तसं वकिलाला दाखवा, गोषवारा सांगू नका. चित्रपट न झालेल्या पटकथांचा प्रश्न बहुतेक वेळा सोपा असतो. छापायची सुरुवात त्यांच्यापासून करा.

वहीत खोचलेली इतरांची पत्रं मात्र छापू नका. पत्र आजोबांना आलेलं असलं तरी मजकुराचा हक्क लिहिणाऱ्याचा.